किकी किरिन: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जपानी अभिनेत्री किकी किरिन यांच्याविषयी वाचक जे प्रश्न पुन्हा पुन्हा पाठवतात, ते इथे एकत्र केले आहेत. बहुतेकांची त्यांच्याशी ओळख 'शॉपलिफ्टर्स' (२०१८) या सिनेमातल्या आजीमुळे होते, त्यामुळे प्रश्नांचा रोखही 'ही आजी इतकी खरी कशी वाटते?' असा असतो. त्याचं उत्तर शेवटच्या दहा वर्षांत सापडत नाही. त्यासाठी १९७४ च्या टीव्हीपर्यंत मागे जावं लागतं. म्हणून प्रश्न ४ चुकवू नका.

१. किकी किरिन कोण होत्या? थोडक्यात सांगाल का?

जन्म १५ जानेवारी १९४३, टोकियोच्या कांदा भागात. निधन १५ सप्टेंबर २०१८, टोकियोतच, वयाच्या ७५ व्या वर्षी. नाटक मंडळीत उमेदवारी, मग टीव्ही मालिका, जाहिराती आणि उतारवयात एकाहून एक सरस सिनेमे, अशी पन्नासहून अधिक वर्षांची कारकीर्द. जपानबाहेर त्यांना ओळखतात ते कोरेएदा हिरोकाझु आणि कावासे नाओमी या दिग्दर्शकांच्या सिनेमांमुळे. जपानमध्ये त्या सत्तरच्या दशकापासूनच घरोघरी माहीत होत्या, आणि तेही विनोदी भूमिकांसाठी.

२. किकी किरिन की किरिन किकी? आणि जुन्या मालिकांच्या श्रेयनामावलीत त्यांचं नाव का सापडत नाही?

जपानीत आडनाव आधी येतं, म्हणून किकी किरिन. इंग्रजी श्रेयनामावलीत हे उलटं होतं. या पानावर सगळी नावं जपानी क्रमानं दिली आहेत.

जुन्या कामात नाव सापडत नाही, कारण १९७७ पर्यंत त्या 'यूकी चिहो' या नावानं काम करत. त्या वर्षी टीव्हीवरच्या एका कार्यक्रमात कलाकारांच्या वस्तूंचा लिलाव होता. आपल्याकडे विकण्यासारखं दुसरं काही नाही, असं म्हणून त्यांनी चक्क आपलं नावच लिलावात काढलं. ते २०,२०० येनला गेलं आणि त्यांनी नवं नाव घेतलं. अनेक जण हा किस्सा गंमत म्हणून सांगतात. मला मात्र त्यात त्यांचा अख्खा स्वभाव दिसतो. तेव्हा त्या लोकप्रियतेच्या शिखरावर होत्या. ज्या नावावर काम मिळत होतं, तेच त्यांनी देऊन टाकलं आणि दुसऱ्या दिवशी नव्या नावानं कामाला लागल्या.

कागदोपत्री नाव उचिदा केइको, माहेरचं आडनाव नाकातानी.

३. त्यांना लहानपणापासून नटीच व्हायचं होतं का?

नाही. वडील बिवा वाजवत. बिवा हे मोठ्या लाकडी नखीनं छेडायचं तंतुवाद्य. मुलीनं औषधनिर्माणशास्त्र शिकावं असं घरात ठरत होतं. ऐन प्रवेश परीक्षेच्या दिवसांत बर्फावर घसरण्याच्या खेळात पाय मोडला आणि परीक्षा हुकली. मग १९६१ मध्ये बुनगाकुझा या नामांकित नाटक मंडळीच्या प्रशिक्षण केंद्रात त्या पहिल्याच तुकडीत दाखल झाल्या.

तिथे त्या थोर अभिनेत्री सुगिमुरा हारुको यांच्या मदतनीस होत्या. त्यांच्याबरोबर त्या ख्यातनाम दिग्दर्शक ओझु यासुजिरो यांच्या शेवटच्या सिनेमाच्या चित्रीकरणालाही गेल्या होत्या. विशीही न ओलांडलेली मुलगी मोठ्या बाईंचं सामान सांभाळत कोपऱ्यातून सगळं बघते आहे, एवढाच तिचा ओझुंशी संबंध. पण ज्यांना त्यांच्या उतारवयातल्या कामात ओझुंच्या सिनेमांतल्या घरांची आठवण होते, त्यांनी हे लक्षात ठेवावं.

टीव्हीवर नाव झालं १९६४ च्या 'शिचिनिन नो मागो' या मालिकेमुळे. तिथे त्या घरकाम करणारी मुलगी होत्या आणि समोर होते मोरिशिगे हिसाया, संहितेबाहेर जाऊन प्रसंग फुलवण्यात त्या काळचे सर्वांत तरबेज नट.

४. वयाच्या ३१ व्या वर्षी त्यांनी सत्तरीतल्या आजीची भूमिका केली, हे खरं का?

अगदी खरं. १९७४ च्या 'तेराउची कानतारो इक्का' या मालिकेत टोकियोच्या जुन्या वस्तीतल्या एका पाथरवटाचं घर आहे. घरचा कर्ता कानतारो तापट आणि अंगानं दांडगा. ही भूमिका केली कोबायाशी आसेई यांनी, जे मुळात संगीतकार. किरिनबाई त्या कानतारोची आई, किन. म्हणजे पडद्यावरचा मुलगा आईपेक्षा दहा वर्षांनी मोठा!

केस पांढरे केले, पाठ वाकवली, कपडेही तसे निवडले. अडचण आली हातांची. चेहऱ्यावर रंग चढवता येतो, पण तिशीतल्या बाईचे हात कॅमेऱ्यासमोर लपत नाहीत. म्हणून त्यांनी बोटं कापलेले हातमोजे घातले. प्रेक्षकांना ती म्हातारीची थंडीची सवय वाटली, आणि पुढे तीच किन आजीची खूण झाली. त्या मोज्यांतून बाहेर आलेल्या बोटांनी ती ताटातलं काहीबाही उचलते, नातवाशी भांडते, आणि रात्री खोलीत लावलेल्या गायक सावादा केनजी यांच्या पोस्टरसमोर अंग घुसळत 'जूलीऽऽ' म्हणून किंचाळते. जूली हे त्या गायकाचं लाडकं नाव. पुढे शाळकरी पोरंही तिची नक्कल करू लागली.

मालिकेला सरासरी ३० टक्क्यांहून जास्त प्रेक्षक होते. घरातली बाप-लेकाची मारामारी ठरलेली असे, आणि मुलाचं काम करणारे गायक साइजो हिदेकी यांचा एकदा त्यात खरोखरच हात मोडला.

याकडे निव्वळ वेषांतर म्हणून पाहू नये. तरुण नट म्हातारा झाला की सहसा थरथरतो, खोकतो, कण्हतो. किन आजीत हे फारसं नाही. ती आपमतलबी आहे, चोरून ऐकते, खाण्यावरून हट्ट करते, देखण्या पुरुषावर भाळते. म्हातारं माणूस म्हणजे पूर्ण माणूसच, फक्त त्याला आता लाज धरायचं कारण उरलेलं नाही, हे त्यांना ३१ व्या वर्षी कळलं होतं. 'शॉपलिफ्टर्स'ची आजी इथून निघाली.

५. मुकोदा आणि कुझे ही नावं त्यांच्याबद्दल वाचताना सारखी येतात. हे कोण?

मुकोदा कुनिको या पटकथालेखिका. जपानी कुटुंबाच्या जेवणाच्या टेबलावरचं बोलणं त्यांच्याइतकं नेमकं फार थोड्यांनी लिहिलं. १९८१ मध्ये तैवानमधल्या विमान अपघातात त्या गेल्या. कुझे तेरुहिको हे दिग्दर्शक आणि निर्माते. सार्वजनिक स्नानगृहाच्या घरावरची 'जिकान देसु यो', 'तेराउची', नंतरची 'मू' आणि 'मू इचिझोकु' या कुझे यांच्या मालिकांनी किरिनबाईंना घडवलं.

१९७९ मध्ये 'मू इचिझोकु' संपल्यावरच्या समारंभात किरिनबाईंनी भाषणात कुझे यांची खासगी गोष्ट उघड केली. मोठा गाजावाजा झाला, कुझे वाहिनीतून बाहेर पडले आणि ही जोडी तुटली. त्यांचा फटकळपणा नेहमी कौतुकानं सांगितला जातो. त्याची किंमत कधी कधी दुसऱ्यांनीही मोजली, हेही नोंदवायला हवं.

६. एवढी मोठी अभिनेत्री जाहिराती का करत होती?

कारण त्या जाहिरातीला हलकं काम मानत नव्हत्या. फोटो छापून देणाऱ्या फुजीकलरची १९८० ची जाहिरात बघा. दुकानात गिऱ्हाईक म्हणून आलेल्या किरिनबाई आणि गल्ल्यामागे किशिमोतो कायोको. मूळ संहितेत दुकानदारीण म्हणते की सुंदर माणसं आणखी सुंदर दिसतील आणि सुंदर नसलेलीही सुंदर दिसतील. किरिनबाईंनी हरकत घेतली: जे मुळात नाही, ते फोटोत कुठून येणार? मग वाक्य बदललं. सुंदर आहेत ते आणखी सुंदर, आणि तसे नाहीत ते 'आपापल्या परीनं'. ते वाक्य देशभर गाजलं.

७. मग सिनेमात त्या इतक्या उशिरा का आल्या?

आल्या होत्या आधीच, पण कडेकडेनं. सुझुकी सेइजुन यांच्या 'त्सिगोइनरवाइझन'मध्ये (१९८०) त्या आहेत, ओबायाशी नोबुहिको यांच्या 'तेन्कोसेई'मध्ये (१९८२) आई आहेत. पण मुख्य व्यवसाय टीव्हीच होता. एनएचके या जपानच्या सार्वजनिक वाहिनीवर १९८१ मध्ये 'युमेचियो निक्की', १९८६ मध्ये सकाळची दैनंदिन मालिका 'हानेकोनमा'. या दुसऱ्या मालिकेतल्या आईच्या भूमिकेला शिक्षणमंत्र्यांचा कलापुरस्कारही मिळाला.

सिनेमाकडे खरा ओढा साठीत दिसतो. २००३ मध्ये डाव्या डोळ्याची दृष्टी गेली, पाठोपाठ स्तनाचा कर्करोग निघाला आणि २००५ मध्ये शस्त्रक्रिया झाली. त्यानंतर 'टोकियो टॉवर' (२००७), 'स्टिल वॉकिंग' (२००८), 'अकुनिन' (२०१०), 'वागा हाहा नो की' (२०१२) अशी रांगच लागली. वेगवेगळ्या दिग्दर्शकांना आई किंवा आजी हवी असली की पहिलं नाव त्यांचं निघे.

८. कोरेएदांबरोबर त्यांनी किती सिनेमे केले? कुठून सुरुवात करू?

सहा: 'स्टिल वॉकिंग' (२००८), 'आय विश' (२०११), 'लाइक फादर, लाइक सन' (२०१३), 'अवर लिटल सिस्टर' (२०१५), 'आफ्टर द स्टॉर्म' (२०१६), 'शॉपलिफ्टर्स' (२०१८). मधल्या तिघांत त्यांची भूमिका लहान आहे.

माझा आग्रह 'स्टिल वॉकिंग'पासून सुरू करण्याचा. नंतर लगेच 'आफ्टर द स्टॉर्म' पाहा, कारण दोन्हीकडे आबे हिरोशी त्यांचा मुलगा आहे आणि दोन्ही आया पूर्ण वेगळ्या आहेत. एक गंमत सांगतो: १९७४ मध्ये त्यांचा पडद्यावरचा मुलगा त्यांच्याहून मोठा होता. 'स्टिल वॉकिंग' आला तेव्हा त्या ६५ च्या आणि आबे ४४ चे. आई-मुलाचं गणित एकदाचं जुळलं!

'आफ्टर द स्टॉर्म'मधलं घर कियोसे इथल्या ज्या वसाहतीत आहे, तिथे स्वतः कोरेएदा लहानाचे मोठे झाले. त्यात फ्रीजरमध्ये गोठवलेल्या सरबताचा कप चमच्यानं खरवडत मायलेक बोलत बसतात. तो बर्फ इतका घट्ट असतो की बोलण्यापेक्षा खरवडण्याचाच आवाज जास्त येतो. निवृत्तीवेतनावर एकटीनं राहणाऱ्या बाईचं घर त्या एका कपातून उभं राहतं.

९. 'स्टिल वॉकिंग'मधली आई दुष्ट आहे का? आमच्या घरी यावरून वाद झाला.

(ज्यांनी सिनेमा पाहिला नाही, त्यांनी प्रश्न १० कडे जावं.)

वाद होणारच. थोरला मुलगा एका पोराला बुडताना वाचवायला गेला आणि स्वतः मेला. त्याच्या स्मृतिदिनी घर जमतं. सुरुवातीला आई आणि मुलगी स्वयंपाकघरात मुळा-गाजरं सोलतात, मक्याचे दाणे सोडवून तळतात, सगळं प्रसन्न. वाचलेला पोरगा, आता लठ्ठ आणि अवघडलेला तरुण, दरवर्षी पाया पडायला येतो. तो गेल्यावर धाकटा मुलगा म्हणतो, आता त्याला बोलावणं बंद करू, बिचारा कानकोंडा होतो. आई विणत बसलेली असते. ती म्हणते, म्हणूनच तर बोलावते. द्वेष करायला कुणी समोर नसेल तर ते जास्त जड जातं, म्हणून वर्षातून एकदा त्यालाही त्रास झाला पाहिजे.

हे बोलताना किरिनबाईंचा आवाज चढत नाही आणि क्रोशाची सुई थांबत नाही. दुसऱ्या एखाद्या अभिनेत्रीनं तिथे विणकाम बाजूला ठेवलं असतं, डोळे भरले असते आणि आपण तिला माफ करून मोकळे झालो असतो. इथे ती सोय नाही. माझ्या मते ती दुष्ट नाही. तिनं दुःखाला घरकामासारखं नियमित केलंय, आणि म्हणूनच ती भयंकर वाटते. तुमच्या घरातले दोन्ही पक्ष बरोबर आहेत.

१०. 'आन' अर्थात 'स्वीट बीन' हा कुष्ठरोगावरचा सिनेमा आहे. तो बघवेल का?

बघवेल. कावासे नाओमी यांचा हा सिनेमा (२०१५) बराचसा डोरायाकीच्या एका छोट्याशा दुकानात घडतो. डोरायाकी म्हणजे दोन गोड धिरड्यांमध्ये लाल चवळीसारख्या अझुकी दाण्यांचं गोड पुरण भरलेला पदार्थ. तोकुए नावाची ७६ वर्षांची बाई तिथे काम मागायला येते. तिचे हात आजारानं वाकडे झालेले आहेत, आणि पुरण मात्र ती असं करते की रांग लागते. दाणे भिजवण्यापासून शिजवण्यापर्यंत ती पातेल्यावर वाकून त्यांच्याशी बोलते. हा भाग घाई न करता दाखवलाय, आणि तोच सिनेमाचा गाभा आहे.

आनंदवनाचं काम माहीत असलेल्या आपल्या वाचकांना यातली वेदना समजावून सांगावी लागणार नाही. एक फरक मात्र लक्षात घ्या. जपानमध्ये औषधानं आजार बरा होऊ लागल्यावरही रुग्णांना समाजापासून तोडणारा कायदा १९९६ पर्यंत रद्द झाला नव्हता. तोकुए राहते ती संस्था कल्पनेतली नाही. टोकियोच्या हिगाशिमुरायामातलं झेनशोएन आजही आहे.

या भूमिकेसाठी त्यांना २०१५ चा आशिया पॅसिफिक स्क्रीन पुरस्कार मिळाला. हातमोज्यांत हात लपवणारी ३१ वर्षांची नटी (प्रश्न ४) आणि ते वाकडे हात पुरणाच्या पातेल्यापाशी उघडे ठेवणारी ही बाई, दोन्ही लागोपाठ बघायला मिळाले तर जरूर बघा.

११. कर्करोगावर उपचार न घेताच त्या इतकी वर्षं काम करत राहिल्या, असं वाचलं. खरं का?

नाही. शस्त्रक्रिया झाली होती (प्रश्न ७) आणि पुढे त्यांनी किरणोपचारही घेतले. मार्च २०१३ मध्ये जपान अकादमी पुरस्काराच्या मंचावर, उत्कृष्ट अभिनेत्रीचा मान घेताना, कर्करोग सगळ्या शरीरात पसरल्याचं त्यांनी स्वतः सांगितलं. त्यानंतर पाच वर्षं कामही चालू होतं. पण त्यावरून कुणी आपल्या आजाराचे निर्णय घेऊ नयेत. ते डॉक्टरांशी बोलूनच घ्यावेत.

१२. 'शॉपलिफ्टर्स'मध्ये त्यांनी खरंच दात काढले होते?

कवळी काढून ठेवली होती, आणि केसही मुद्दाम वाढू दिले होते. कुठलीही नटी लपवेल ते त्यांनी पुढे केलं.

समुद्रकिनाऱ्याच्या प्रसंगाबद्दलही खूप विचारलं जातं. लाटांशी खेळणाऱ्या बाकीच्यांकडे बघत आजी ओठांत काहीतरी पुटपुटते. ते आभाराचे शब्द आहेत आणि ते संहितेत नव्हते. चित्रीकरणाच्या अगदी सुरुवातीच्या दिवसांत हा प्रसंग झाला. कोरेएदांना त्या हालणाऱ्या ओठांचं महत्त्व नंतर लक्षात आलं आणि पुढची गोष्ट त्यांनी त्या धाग्यानं बांधली. मे २०१८ मध्ये या सिनेमाला कान महोत्सवात पाम दोर हा तिथला सर्वोच्च पुरस्कार मिळाला.

१३. त्यांचा शेवटचा सिनेमा नेमका कोणता? प्रत्येक ठिकाणी वेगळं लिहिलंय.

कारण उत्तर कशावर मोजता यावर अवलंबून आहे. कोरेएदांबरोबरचा शेवटचा 'शॉपलिफ्टर्स'. निधनानंतर महिन्याभरात, ऑक्टोबर २०१८ मध्ये, प्रदर्शित झाला 'निचिनिची कोरे कोजित्सु'. त्यात त्या चहाविधी शिकवणाऱ्या बाई आहेत. 'एरिका ३८' (२०१९) मध्ये त्या आहेतच, शिवाय सिनेमाची आखणीही त्यांची. तो त्यांनी जुनी मैत्रीण आसादा मियोको हिच्यासाठी जमवून आणला. ही तीच, 'तेराउची'च्या घरात काम करणारी मुलगी.

अभिनय केलेलं शेवटचं काम मात्र जर्मन दिग्दर्शिका डोरिस ड्योरी यांच्या सिनेमातलं, २०१८ च्या उन्हाळ्यात केलेलं. त्यात त्या चिगासाकीतल्या एका जुन्या खानावळवजा मुक्कामघराच्या मालकीण आहेत. याच चिगासाकी-कानमध्ये राहून ओझु आपल्या पटकथा लिहीत.

१४. नवरा ४० वर्षं वेगळा राहत होता, तरी घटस्फोट का नाही?

रॉक गायक उचिदा युया यांच्याशी लग्न १९७३ मध्ये झालं (किरिनबाईंचं हे दुसरं लग्न) आणि लवकरच दोघं वेगळे राहू लागले. १९८१ मध्ये युया यांनी परस्पर घटस्फोटाचे कागद दाखल केले. किरिनबाई कोर्टात गेल्या, घटस्फोट अवैध ठरवून घेतला आणि शेवटपर्यंत विवाहित राहिल्या. ते मार्च २०१९ मध्ये, त्यांच्यामागोमाग सहा महिन्यांनी गेले. बाहेरच्यानं यावर निवाडा देऊ नये असं मला वाटतं.

१५. त्यांच्या घरातलं आणखी कुणी सिनेमात आहे का?

मुलगी उचिदा यायाको लेखन आणि गाणं करते. 'टोकियो टॉवर'मध्ये आईची म्हातारपणची भूमिका किरिनबाईंची आणि तरुणपणची यायाकोची आहे, त्यामुळे चेहऱ्याचं साम्य खरंच घरचं. जावई मोतोकी मासाहिरो, ज्यांना तुम्ही 'डिपार्चर्स'मध्ये पाहिलं असेल. नात उचिदा क्यारा 'आन'मध्ये दुकानात येणारी शाळकरी मुलगी आहे.

१६. मॅनेजर नव्हता, मग काम कसं मिळायचं?

फॅक्स आणि फोनला जोडलेलं उत्तर देणारं यंत्र, एवढंच त्यांचं कार्यालय. जुनी चित्रफीत पुन्हा वापरायची असेल तर खुशाल वापरा, असा निरोप त्या यंत्रावरच ठेवलेला असे. मानधनाचं बोलणं स्वतः करत. घरं भाड्यानं देऊन त्यांचं उत्पन्न होतं, त्यामुळे नको ते काम नाकारण्याची सोय होती. हे स्वातंत्र्य नुसत्या स्वभावाचं नव्हतं, त्यामागे पैशाचं शहाणपण होतं. तरुण कलाकारांनी त्यांच्याकडून शिकायची पहिली गोष्ट मी हीच सांगेन.

१७. महत्त्वाचे सन्मान कोणते?

जपान अकादमीचा उत्कृष्ट अभिनेत्री पुरस्कार दोनदा ('टोकियो टॉवर', 'वागा हाहा नो की'). सहअभिनेत्री म्हणून 'अकुनिन'साठी, आणि मरणोत्तर 'शॉपलिफ्टर्स'साठी. सरकारकडून २००८ मध्ये जांभळ्या फितीचं पदक आणि २०१४ मध्ये उगवत्या सूर्याचा सन्मान. 'आन'चा पुरस्कार प्रश्न १० मध्ये आला आहे.

१८. त्यांच्या नावावर फिरणारे सुविचार खरे आहेत का?

काही खरे, पण उचललेले. निधनानंतर डिसेंबर २०१८ मध्ये त्यांच्या मुलाखतींतल्या बोलण्याचं 'इस्साई नारियुकी' हे पुस्तक निघालं आणि २०१९ मध्ये दहा लाखांवर खपलं. पुस्तक लिहायचं म्हणून त्यांनी ते लिहिलेलं नाही. समोरच्या माणसाला दिलेलं उत्तर संदर्भ सोडून भिंतीवर लावलं की ते उपदेशासारखं वाटतं, आणि उपदेश करणं हा त्यांचा पिंड नव्हता. शंका आली तर मूळ मुलाखत शोधा.

१९. 'तोत्तोचान' लिहिणाऱ्या बाई याच का?

नाही. त्या कुरोयानागी तेत्सुको, जन्म १९३३. त्याही अभिनेत्री आणि १९७६ पासून चालू असलेल्या 'तेत्सुको नो हेया' या मुलाखतींच्या कार्यक्रमाच्या सूत्रधार. पुस्तक मराठीत घरोघरी पोचल्यामुळे जपानी टीव्हीवरची ज्येष्ठ बाई म्हटली की आपल्याकडे त्यांचंच नाव आठवतं. दोघींत एक धागा आहे: कुरोयानागीही बुनगाकुझाच्या प्रशिक्षण केंद्रात शिकल्या (प्रश्न ३).